सफरचंदाचा 'पाय'

'पाय' हें नांव ऐकतांच आमच्या सासूबाईंनीं ताट दूर सारलें! वस्तुतः ही सारण भरलेली मोठी करंजीच. मात्र तळावयाची नव्हे, भाजावयाची.

पडेगांवांत माझा पहिला प्रयत्न मे महिन्यांतील दुपारीं झाला. लोणी हातांतच वितळलें आणि पारी दगडासारखी झाली. लोण्याचे कण पिठांत अखंड राहिले, तरच भाजतांना पापुद्रे सुटतात. म्हणून आतां पहांटेसच २ वाट्या मैद्यास १ वाटी थिजलेलें लोणी बोटांच्या टोकांनीं चोळतें, गार पाणी शिंपडून गोळा करतें व ओल्या फडक्यांत माठाशेजारीं अर्धा तास ठेवतें.

४ आंबटसर सफरचंदांच्या चकत्या, अर्धी वाटी साखर, चमचाभर मैदा, दालचिनी व लिंबाचा रस, एवढेंच सारण. दौलताबादचें सीताफळ हाताशीं असलें तरी तें घालूं नये. शिजविल्यास कडवट होतें. पेरू चालतो.

वरच्या पारीस चिरा द्याव्या, नाहींतर वाफ कोंडते. भट्टी नसल्यास जाड पातेल्यांत वाळू तापवून आंत ताटली ठेवावी व झांकणावर निखारे घालावे. चिरांतून रस उकळूं लागला व पारी तांबूस झाली, कीं उतरावें. रस आळावयास २ तास लागतात. सासूबाईंनीं मात्र तेवढी वाट पाहिली नाहीं.