राहिलेला एक धडा

मुलांनो,

तुमच्यातले काही आजोबा झालेत, तरी मला मुलंच. दहावीला अंदमान शिकवताना मी सेल्युलर जेल सांगितला, सावरकर सांगितले आणि पुढचा धडा काढला. तेव्हा मागच्या बाकावरून एका मुलीनं विचारलं होतं, "सर, बाकीचे कैदी तिथे काय करत?" "परीक्षेला नाही," म्हणून मी तिला खाली बसवलं. ती आज समोर बसली आहे.

तर ऐक. सेल्युलर जेल पुरा झाला १९०६ साली. वसाहत त्याआधीची, १८५८ ची. उठावानंतर पहिले दोनशे कैदी मार्चमध्ये उतरले. त्यांनी जंगल तोडलं. कित्येक तापानं गेले, पळून सापडलेले फासावर गेले. पुढे खुनी, दरोडेखोर आले, बायकाही आल्या. काही वर्षं नीट वागणाऱ्याला शेतीची, लग्नाची मुभा मिळे. प्रांत वेगळे, जाती वेगळ्या. घरात बोली मात्र हिंदुस्थानी. त्यांचे वंशज आजही पोर्ट ब्लेअरला आहेत.

ते संसार करत होते, बाळ. उत्तराला चाळीस वर्षं उशीर झाला. माझे मार्क कापून घे.