रिपोर्ट नॉर्मल, दुखणं खरं



स्वागताध्यक्षाने जेवणाची, राहण्याची आणि गाड्या लावण्याची सोय सांगावी आणि खाली बसावं, असा एक शहाणा संकेत आहे. ती सगळी सोय पत्रिकेत छापलेली असल्यामुळे माझी दहा मिनिटं मोकळी झाली आहेत. ती मी वापरणार आहे.

डॉक्टर, परिचारिका आणि फिजिओथेरपिस्ट मित्रमैत्रिणींनो, वेदनेवरच्या या परिषदेसाठी मिरजेत आपलं मनापासून स्वागत. १८९४ साली विल्यम वॉनलेस यांनी इथं मिशन हॉस्पिटल सुरू केलं. तेव्हापासून आजच्या महाराष्ट्र-कर्नाटक सीमेच्या दोन्ही बाजूंचे पेशंट या जंक्शनवर उतरत आले आहेत. मी भूलतज्ज्ञ. ऑपरेशन टेबलावरचं दुखणं थांबवायला शिकलो, पण ओपीडीतलं दुखणं कितीतरी अवघड निघालं. जाडजूड फाइल घेऊन बाई समोर बसते आणि विचारते, ‘‘सगळे रिपोर्ट नॉर्मल आलेत डॉक्टर, मग दुखतंय कशानं?’’ मागे उभा असलेला मुलगा हळूच सांगतो, ‘‘मनाचंच आहे हो सगळं.’’ या परिषदेनं त्या बाईला आणि त्या मुलाला, दोघांनाही उत्तर द्यावं, एवढीच माझी अपेक्षा आहे.

दुसऱ्या महायुद्धात हेन्री बीचर हे अमेरिकी भूलतज्ज्ञ इटलीच्या आघाडीवर होते. गंभीर जखमी सैनिकांना ते विचारत, दुखण्यावर काही देऊ का? जवळजवळ तीन चतुर्थांश जण नको म्हणाले. १९४६ साली त्यांनी हे लिहून प्रसिद्ध केलं. सैनिक धक्क्यानं बधिर झाले असतील, अशी शंका कुणालाही येईल. पण याच माणसांना सुई नीट टोचली नाही, तर ती तुमच्या-माझ्यासारखीच ओरडत. म्हणजे नसा शाबूत होत्या. बीचर यांच्या मते जखमेचा अर्थ वेगळा होता: आपण आघाडीवरून जिवंत सुटलो.

याच्या उलट गोष्ट १९९५ साली ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये आली. एका बांधकाम मजुरानं १५ सेंटिमीटरच्या खिळ्यावर उडी मारली आणि खिळा बुटातून आरपार गेला. वेदना इतकी की झोपेचं औषध आणि फेंटानिल देऊनच खिळा काढावा लागला. बूट उतरवल्यावर दिसलं, खिळा दोन बोटांच्या मधून गेला होता. पायाला ओरखडासुद्धा नव्हता. तो गडी नाटक करत होता, असं इथं कुणाला वाटत असेल, तर त्याच्यासाठीच ही परिषद भरवली आहे.

या दोन्ही गोष्टींमागची यंत्रणा कळायला काळ जावा लागला. १९६५ साली मेल्झॅक आणि वॉल यांनी मांडलं की इजेचा संदेश मज्जारज्जूत जसाच्या तसा पुढे जात नाही, तिथेच तो कमीजास्त होतो. आपल्या मिरजेतल्या सतारमेकर गल्लीत जाऊन पाहा. तानपुऱ्याची तार तीच, छेडणारं बोट तेच, पण घोडीवरचा सुताचा धागा केसभर सरकला की नाद खुलतो किंवा मिटतो. मज्जारज्जूच्या मागच्या शिंगात नेमकं हेच चालतं, आणि धागा सरकवणारा हात बराचसा वर, मेंदूत असतो. १९६९ साली रेनॉल्ड्स यांनी उंदराच्या मध्यमेंदूतला एक लहानसा भाग विजेनं उत्तेजित केला आणि भुलीच्या औषधाशिवाय त्याच्या पोटाची शस्त्रक्रिया केली. १९७५ साली अ‍ॅबरडीनमध्ये ह्यूज आणि कॉस्टरलिट्झ यांना मेंदूत मॉर्फिनसारखी रसायनं सापडली, एन्केफॅलिन. आणि १९७८ साली लेव्हाइन, गॉर्डन आणि फील्ड्स यांनी अक्कलदाढ काढलेल्या पेशंटवर दाखवलं की खोट्या औषधानं मिळालेला आराम नॅलोक्सोननं मावळतो. नॅलोक्सोन म्हणजे मॉर्फिनचा उतारा, आमच्या ट्रेमधलं रोजचं औषध. आता सांगा, ‘मनाचं’ असलेला तो आराम मनाचा होता की रसायनाचा?

मेंदूतून मज्जारज्जूत येणाऱ्या या उतरत्या मार्गावर नॉरअ‍ॅड्रेनॅलिन काम करतं आणि अ‍ॅमिट्रिप्टिलिन, ड्युलोक्सेटिन या गोळ्या ते वाढवतात. पेशंट मेडिकलमधून रागानं परत येतो: ‘‘मला डिप्रेशनची गोळी का दिली?’’ राग रास्त आहे. आपण समजावलेलं नसतं.

आपलं बोलणं हासुद्धा डोसाचाच भाग आहे. २०१० साली बोस्टनचा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. बाळंतपणासाठी आलेल्या बायकांना पाठीत बधिरतेचं इंजेक्शन देताना निम्म्या जणींना सांगितलं, आता मधमाशी चावल्यासारखं जोरात लागेल. बाकीच्यांना सांगितलं, जागा बधिर करतो म्हणजे त्रास होणार नाही. दहापैकी दुखण्याचा मध्यांक पहिल्या गटात ५, दुसऱ्यात ३. सुई तीच.

आणि आपण काय बोलतो? ‘‘मणक्यात गॅप आलाय.’’ एवढं वाक्य ऐकून माणसं वाकायची सोडतात, घागर उचलायची सोडतात, नातवाला कडेवर घेत नाहीत. पाठदुखीची तक्रार नसलेल्या लोकांचे स्कॅन तपासलेल्या अभ्यासांचं एकत्रित विश्लेषण २०१५ साली आलं. त्यात विशीतल्या ३७ टक्के लोकांच्या मणक्यांतल्या चकत्या झिजलेल्या होत्या, ऐंशीतल्या ९६ टक्क्यांच्या. रिपोर्ट वाचून दाखवताना हे दोन आकडे सोबत सांगायला अर्धं मिनिट लागतं. ते आपण वाचवतो आणि भीती पेशंटच्या पदरात टाकतो. भीतीनं हाच उतरता मार्ग उलटा चालतो, संदेश दाबण्याऐवजी वाढवतो.

एक धोका मात्र बजावून ठेवतो. मेंदू वेदना कमी करू शकतो, हे ज्ञान कंजूष डॉक्टरच्या हाती पडू नये. हाडात पसरलेल्या कॅन्सरच्या पेशंटला ‘मन घट्ट करा’ सांगणं हे न्यूरोसायन्स नव्हे. त्याला मॉर्फिन हवं. १९८५च्या अमली पदार्थ कायद्यात २०१४ साली दुरुस्ती होऊन परवान्यांची अडचण कमी झाली. तरी मॉर्फिन आज किती तालुक्यांत मिळतं, हे आपापसांत चहाच्या वेळी जरूर बोला.

आता कामाचं. दुपारच्या सत्रात केस मांडणाऱ्या सगळ्यांना स्वागत समितीची विनंती आहे: तपासण्या आणि औषधं सांगून झाली की रिपोर्ट हातात घेऊन तुम्ही पेशंटला नेमकं कोणतं वाक्य बोललात, तेही स्लाइडवर लिहा. त्यासाठी वेळ दोन मिनिटांनी वाढवला आहे. परिषदेच्या अध्यक्षांनी आता सूत्रं हाती घ्यावीत.