तळे खणले कुणी, पाणी कुणाचे?

मंडळी, मागच्या खेपेला आपण हजेरीपटावर सही करायला शिकलो. आज त्या हजेरीपटाचीच हकीकत सांगतो.

१९७२ साली महाराष्ट्रात मोठा दुष्काळ पडला. विहिरी आटल्या. गुरे कवडीमोलाने गेली. १९७३ च्या उन्हाळ्यात सुमारे ५० लाख माणसे सरकारी कामांवर होती. कुणी खडी फोडी, कुणी माती वाही. कामावर वाटलेल्या सुकडीची चव आम्हांला अजून आठवते.

पण दुष्काळी काम म्हणजे मेहेरबानी. पाऊस पडला की काम बंद. पोट काही बंद होत नाही! विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांचा आग्रह होता, की काम हा हक्क मानावा. तासगाव तालुक्यात विसापूरला १९६५ सालीच तसा प्रयोग झाला होता. पुढे १९७७ साली रोजगार हमीचा कायदा झाला. काम मागितले की पंधरा दिवसांत द्यायचे, नाहीतर भत्ता द्यायचा.

पैसा कुठून आणला? १९७५ साली पगारदार, व्यापारी, वकील, डॉक्टर यांच्यावर व्यवसाय कर बसवला. जेवढा कर जमेल, तेवढीच भर सरकारने घालायची. शहराने खेड्याला भीक घातली, असे कुणी समजू नये. शहराचे धान्य आणि दूध कुठून येते?

आता खरी गोष्ट ऐका. या योजनेत पाझर तलाव झाले. तलावाचे पाणी जमिनीत मुरते, खालच्या विहिरींना वाढते. विहीर कुणाची? ज्याची जमीन, त्याची. जिने डोक्यावर पाटी वाहिली तिला मजुरी मिळाली. ते काही थोडे नव्हे, चूल पेटली. पण विहिरीवरचा ऊस दुसऱ्याचा. विहीरवाला वर चढला, आणि ती बाई पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा पाटी घेऊन उभीच.

यावर एक तोड पुरंदर तालुक्यात नायगावला निघाली. विलासराव साळुंखे नावाच्या इंजिनियरांनी तिथे पाणी पंचायत उभी केली. पाणी जमिनीवर नाही, माणसांवर वाटले. माणशी अर्धा एकर भिजेल एवढे. घराला फार तर अडीच एकराचे. उसाला मनाई. आणि भूमिहीनालाही पाण्याचा वाटा! जमीन नाही तो पाणी घेऊन काय करील, असे कुणी विचारील. अहो, तो दुसऱ्याची जमीन वाट्याने करील. जमीन त्याची, पाणी याचे. मग बोलणी बरोबरीने होतात.

तेव्हा ग्रामसभेत तळ्याचे काम निघाले, की मजुरीचा दर तर विचाराच. खालच्या अंगाला विहिरी कुणाकुणाच्या आहेत, पाणी कसे वाटणार, हेही विचारा. तुमचा प्रश्न वहीत लिहिला की नाही, ते आता तुम्हांला वाचून पाहता येईल.