अंबागड ते पवनी : दोन-तीन दिवसांची भटकंती

डोंगर चढायचा आणि प्राचीन अवशेषही पाहायचे, तर आपला भंडारा जिल्हा पुरेसा आहे. हिवाळ्यात दोन-तीन दिवस काढा आणि स्थानिक वाटाड्या सोबत घ्या.

सुरुवात तुमसर तालुक्यातल्या अंबागडापासून करा. देवगडचा गोंड राजा बख्तबुलंद शहा याच्या काळात, इसवी सन 1700 च्या सुमारास, राजा खान पठाणाने हा किल्ला बांधला. पुढे नागपूरकर भोसल्यांनी त्याचा तुरुंग म्हणून वापर केला. सातपुड्याच्या रांगेतली ही चढण सकाळीच चढा. पिण्याचं पाणी खालूनच न्या.

मग वैनगंगेकाठच्या पवनीला या. गावाभोवती मातीचा जुना तट आणि खंदक आहे. जवळच्या जगन्नाथ टेकडीवर 1969-70 मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व विभागाने उत्खनन केलं, तेव्हा मौर्य-सातवाहन काळातला बौद्ध स्तूप उजेडात आला. दगडी खांबांवर ब्राह्मी लिपीत दात्यांची नावं कोरलेली होती. बौद्ध कथेतल्या, फणा उभारलेल्या मुचलिंद नागाच्या शिल्पाजवळ त्याचं नावही लिहिलेलं आढळलं. राजांबरोबरच सामान्य उपासकांनी दिलेल्या दानातूनही असे स्तूप उभे राहत, हे या नावांवरून कळतं.

म्हणून एक विनंती. इथली वीट किंवा खापर उचलू नका, दगडावर नाव कोरू नका. नव्याने काही दिसलं, तर जागेवरच राहू द्या आणि पुरातत्त्व विभागाला कळवा.