घरांत एकटें राहणारें कुत्रें

सकाळीं दहाच्या सुमारास कोल्हापुरांत राजारामपुरी, ताराबाई पार्क अशा वस्त्यांतील कित्येक घरांना कुलुपें लागतात. पति-पत्नी कामावर जातात, मुलें शाळेंत जातात आणि बंद दारामागें एखादें लहानसें पॉमेरेनियन उरतें. जिन्यावरील पावलांचा आवाज विरतो न विरतो तोंच तें भुंकूं लागतें, दार ओरबाडतें, फरशीवर लघवी करतें. सायंकाळीं मंडळी परततात तों शेजाऱ्यांची तक्रार वाट पाहत असते, आणि मार बसतो तो कुत्र्याला.

हा मार अनाठायीं होय. तें कुत्रें खोडसाळ नसून भ्यालेलें असतें. हा गोंधळ बहुधा माणूस बाहेर पडल्यावर पहिल्या अर्ध्या तासांतच सुरू होतो आणि घरांत कोणी असतां होत नाहीं, हीच त्याची खूण. १९९८ सालीं हंगेरींतील संशोधकांनीं लहान मुलांची आईविषयींची ओढ पारखण्याची पद्धत कुत्र्यांना लावून पाहिली, तेव्हां धन्याविषयींची त्यांची ओढ तिच्याशीं पुष्कळ मिळतीजुळती आढळली.

कुत्र्याचा लळा आपणांस नवा नाहीं. साताऱ्याजवळ संगम माहुली येथें छत्रपति शाहूंच्या कुत्र्याची म्हणून समाधि दाखवितात. नवा आहे तो कुत्र्याचा एकांत. जुन्या वाड्याच्या ओसरीवर कोणी ना कोणी असावयाचेंच. पुढें २०२० च्या टाळेबंदींत घरें महिनोन्महिने भरलेलीं राहिलीं. त्या दिवसांत आणलेल्या कित्येक पिलांना एकटें राहण्याची संवयच लागली नाहीं.

ही संवय हळूहळू लावतां येते. किल्ली हातीं घ्यावी, चपला घालाव्या, आणि बाहेर न जातां पुन्हां बसावें. म्हणजे त्या खुणांचें भय ओसरतें. नंतर क्षणभर दाराबाहेर जावें व कुत्रें घाबरण्यापूर्वींच परत यावें. मग एक मिनिट, दोन, पांच. तें रडूं लागल्यास पुढील वेळीं अवधि कमी करावा. हा अभ्यास चालू असेतों त्याला फार वेळ एकटें ठेवूं नये. शेजारच्या आजींची मदत घ्यावी. सकाळीं रंकाळ्यावर फिरवून आणावें. निघतांना पोकळ रबरी खेळण्यांत दहींभात भरून द्यावा. कांदा व बेदाणे कुत्र्यास अपायकारक, ते कदापि देऊं नयेत. जातांना लाडांचा सोहळा नको आणि परततांनाहि नको.

पिंजऱ्यांत कोंडल्यानें घाबरलेलें कुत्रें स्वतःस इजा करून घेतें. दुसरें कुत्रें आणूनहि बहुधा भागत नाहीं, कारण त्याला हवें असतें तें आपलें माणूस. लघवीचें कारण मूत्रविकार नाहीं ना, हें पशुवैद्याकडून आधीं तपासून घ्यावें. भय फारच असेल तर पशुवैद्य क्लोमिप्रामीन किंवा फ्लुओक्सेटीन देतात. त्यांचा गुण येण्यास कांहीं आठवडे लागतात आणि अभ्यास सोडून चालत नाहीं.

पुष्कळ घरीं शेजाऱ्यांच्या तक्रारींना कंटाळून कुत्रें दुसऱ्यास देऊन टाकतात. ज्या जीवास वियोगाचेंच भय, त्याच्या वाट्यास कायमचा वियोग येतो. कांहीं आठवड्यांचा धीर धरल्यास पुष्कळदां तो टळूं शकतो.