पोथीचा शक



संमेलनाध्यक्षाने साहित्याच्या भवितव्याची चिंता करावी, अशी रीत आहे. मी मात्र मागच्या काळाबद्दल बोलणार आहे. भवितव्यात खाडाखोड करणे अजून कुणाला जमलेले नाही. भूतकाळात ती रोज चालते.

समजा, काळ मागेपुढे फिरवण्याचे नीतिनियम सांगणारी एक प्राचीन पोथी सापडल्याचे उद्या कुणी जाहीर केले. आपला पहिला प्रश्न काय असेल? बहुधा, ‘कोणत्या ऋषींची?’ पोथी कुणाच्या घरात होती, कागद कसला, नक्कल कुणी केली, हे विचारायला आपण संकोचतो. भरद्वाज ऋषींच्या नावावर चालणाऱ्या ‘वैमानिक शास्त्रा’चे असेच झाले. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी 1974 मध्ये ते तपासले. हा ग्रंथ 1904 च्या आधीचा नाही आणि त्यातली विमाने उडणारी नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता. आपल्या व्यासपीठांवरून ती अजून उडतात, ही गोष्ट वेगळी.

पण दुसऱ्यांच्या विमानांना हसण्याआधी आपले घर पाहू. आपण अंबाजोगाईत बसलो आहोत, मुकुंदराजांची समाधी इथून जवळच आहे. त्यांच्या ‘विवेकसिंधू’चा शक 1110, म्हणजे इसवी सन 1188, आणि मुकुंदराज मराठीचे आद्यकवी, हे आपण शाळेत घोकले. ज्ञानेश्वरी शके 1212 ची. म्हणजे आपला कवी तिच्याहून शंभरावर वर्षांनी जुना, याचा कोण अभिमान! पण ग्रंथाच्या प्रचलित पाठात शकाबरोबर संवत्सरही दिला आहे: साधारण. आता आपल्याकडचा पंचांगाचा साधा हिशेब करा. शकात 12 मिळवायचे आणि 60 ने भागायचे. उरेल तितवा संवत्सर. 1110 ला बाकी उरते 42, म्हणजे कीलक. साधारण हा 44 वा, तो येतो शके 1112 मध्ये. दोन वर्षांची चूक लेखनिकाची असेल, ओवी मागाहून कुणी जोडलेली असेल. एवढ्यावरून मी निकाल देणार नाही. पण ‘विवेकसिंधू’च्या उपलब्ध पोथ्यांची भाषाही ज्ञानेश्वरीहून अलीकडची वाटते. ग्रंथात अंबानगरी वैन्यगंगेच्या तीरावर असल्याचा उल्लेख आहे, म्हणून विदर्भातले वैनगंगेकाठचे अंभोरेही मुकुंदराजांवर हक्क सांगते. अंबाजोगाईच्या मंडपात हे बोलल्यावर जेवणाच्या पंगतीत माझ्याशेजारी कोण बसेल, याची मला कल्पना आहे.

याहून चटका लावणारी गोष्ट बीडच्या पाटांगणावरची. इतिहासाचार्य वि. का. राजवाड्यांना तिथे ज्ञानेश्वरीची एक जुनी पोथी मिळाली. ती एकनाथांच्या आधीची आहे, असे त्यांचे मत झाले. 1909 मध्ये त्यांनी ती छापली आणि तिच्यावरून ज्ञानेश्वरीच्या भाषेचे व्याकरण लिहिले. पुढे राज्य शासनाने ज्ञानेश्वरीची आवृत्ती काढली, तीही राजवाडे संहितेच्या आधाराने. मूळ पोथी मात्र नंतरच्या अभ्यासकांना तपासायला मिळालीच नाही. राजवाड्यांनी रागाच्या भरात ती स्वतःच नष्ट केली, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका खरी असो वा नसो, परिणाम तोच. पोथी किती जुनी, हे आज राजवाड्यांच्या शब्दावरच मानावे लागते. राजवाड्यांसारखा अस्सल कागदासाठी गावोगाव पायपीट करणारा माणूस खोटे बोलेल, असे मला वाटत नाही. पण माणूस प्रामाणिक आहे म्हणून पोथीचे वय सिद्ध होत नाही. पंडिताने आपला पुरावा पुढच्या पिढीच्या हाती शाबूत दिला नाही, तर त्याची विद्वत्ताही शेवटी भक्तांच्या भरवशावर उरते.

आणि एकनाथ? त्यांनी तर ज्ञानेश्वरीच्या पाठाला प्रत्यक्ष हात घातला. अपपाठ काढले, ओव्या शुद्ध केल्या. काळाशी केलेली ही केवढी मोठी ढवळाढवळ! पण ती केल्यावर त्यांनी शेवटी नोंद करून ठेवली: कोणी केले, का केले, केव्हा केले. शके 1506, तारण संवत्सर. यापुढे कुणी आपली ओवी यात घुसडू नये, असेही बजावले. मघाचाच हिशेब लावा: 1506 मध्ये 12 मिळवून 60 ने भागले की बाकी 18, आणि अठरावा संवत्सर तारणच! माझ्या दृष्टीने काळाला हात लावण्याची नीती सांगणारे आपले शास्त्र या नोंदीत आहे. एकनाथांच्या आधीचा पाठ कसा असेल, हा प्रश्न राजवाड्यांना पडू शकला तो एकनाथांनी नोंद ठेवली म्हणूनच. गुपचूप सुधारले असते, तर शोधायला निघावे हेही कुणाला सुचले नसते.

हे आजच बोलण्याचे कारण आहे. आता जुन्या वळणाची मराठी, डागाळलेला कागद, ऋषीचे नाव, सगळे यंत्राकडून घटकाभरात करून मिळते. जयंत्या, शताब्द्या आणि तीर्थक्षेत्राच्या निधीसाठी गावे आपापले वय वाढवून घेऊ लागली आहेत. अशा वेळी यादवांचा सेनापती खोलेश्वर याच्या इथल्या शिलालेखांकडे पाहिले की बरे वाटते. दगडावर शक कोरलेला असला म्हणजे निदान खोडताना छिन्नीचा आवाज तरी होतो.

म्हणून माझ्या दोन मागण्या आहेत. जिल्ह्यातल्या मठांत आणि घरांत उरलेल्या पोथ्यांची छायाचित्रे घ्यावीत. शेवटच्या पानासकट, कारण लेखनिक आपले नाव, गाव आणि तिथी तिथेच लिहितो आणि नेमके तेच पान गहाळ झालेले असते. दुसरे, मुकुंदराजांच्या समाधीजवळ परिचयफलक लावायचा झाला, तर त्यावर शके 1110 सोबत संवत्सराची अडचण आणि अंभोऱ्याचा दावाही लिहावा. रंगाऱ्याला जागा कमी पडेल. मग अध्यक्ष आणि स्वागताध्यक्ष यांची नावे गाळावीत. माझी त्याला हरकत नाही, स्वागताध्यक्षांना मी अजून विचारलेले नाही.