विदूषक माशांचा संसार
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



सातवी शिकलेल्या माझ्यासारख्या गृहिणीला आज बोलावयास उभे केलेत, त्याबद्दल मंडळाची मी आभारी आहे. आमच्या बैठकीच्या खोलीतील काचेच्या पेटीत मी विदूषक मासे, म्हणजे क्लाऊनफिश, वाढवते. नारिंगी अंगावर पांढरे पट्टे असलेला हा मासा २००३ सालच्या ‘फाइंडिंग नीमो’ या चित्रपटामुळे मुलांच्या चांगला ओळखीचा आहे.

हा मासा खाऱ्या पाण्यातला. पण स्वयंपाकाचे मीठ त्याला चालत नाही. समुद्री माशांसाठी मिळणारे खास मीठ लिटरला सुमारे ३५ ग्रॅम घालावे. पाणी उडून कमी झाले, की भर मात्र गोड्या पाण्याची घालावी; कारण मीठ उडत नाही, मागेच राहते.

यांचा संसार आपल्याहून निराळा. सारी पिल्ले आधी नर असतात. जोडीतला मोठा मासा पुढे मादी होतो. मादी कुंडीच्या खापरावर शेकडो अंडी घालते, आणि ती राखण्याचे काम मुख्यतः बाप करतो! परांनी वारा घालतो, खराब अंडी तोंडाने वेचतो. आठवड्या-दहा दिवसांनी अंड्यांत रुपेरी डोळे चमकू लागतात आणि दिवा मालवल्यावर अंधारात पिल्ले बाहेर पडतात.

खरी कसोटी इथून पुढे. पिल्लू जेमतेम चार मिलिमीटरचे. मोठ्यांचे खाणे त्याच्या तोंडात मावत नाही. त्याला रोटिफर नावाचे सूक्ष्म जीव लागतात, आणि रोटिफरांना हिरवे सूक्ष्म शेवाळ. बाळंतपणाआधी आपण डिंक, खारीक, अहळीव आणून ठेवतो ना? तशी रोटिफरांची बरणी अंडी फुटण्याआधीच तयार हवी. मागाहून धावाधाव केली तर पिल्ले उपाशी मरतात. ती उजेडाकडे जमतात, तेव्हा वाटीने पाण्यासकट उचलावीत, जाळीने नव्हे. काही दिवसांनी आर्टिमियाची नुकतीच निघालेली पिल्ले खाऊ घालावीत. आठव्या ते बाराव्या दिवसाच्या सुमारास पट्टे दिसू लागतात, म्हणजे अगदी बारशाच्याच वेळेला!

“एवढा खटाटोप कशाला?” असे कोणी विचारील. भगिनींनो, बाजारातील काही मासे आजही प्रवाळांतून धरून आणलेले असतात. तिथे त्यांची मांडलेली घरे मोडतात. म्हणून मुलांच्या हट्टासाठी मासा घ्यालच, तर “हा पैदास केलेला आहे का?” एवढे विचारल्याशिवाय घेऊ नका. आणि ज्यांना वाढवून पाहायचे असेल त्यांनी आमच्या घरी अवश्य यावे. रोटिफरांचे विरजण मी आनंदाने देईन.

एवढे बोलून आपली रजा घेते.